विष्णूंचा कप्पा

पुस्तके कशी लावावीत, या प्रश्नावर दोन माणसांचे एकमत झालेले मी आजवर पाहिलेले नाही. ग्रंथपाल ती विषयवार लावतात. आमची ही ती उंचीप्रमाणे लावते, शाळेत प्रार्थनेला मुले उभी करतात तशी. सूनबाई मुखपृष्ठाच्या रंगाप्रमाणे लावतात. त्यांच्या घरी एक गाथा आणि एक लोणच्यांचे पुस्तक केवळ हिरव्या रंगाच्या नात्याने शेजारी नांदत आहेत. माझा एक मित्र पुस्तके ज्याच्याकडून आणली त्याच्या नावाने लावतो. परत करायला सोपे जावे म्हणून नव्हे. तो गृहस्थ घरी आला की कोणत्या खणावर पडदा ओढायचा, हे चटकन कळावे म्हणून.

मी मात्र पुस्तके लेखकाच्या नावाने लावतो. आडनावाने नव्हे, नावाने. आणि नावही एकच : विष्णू.

यात भक्तिभाव वगैरे काही नाही हो. प्रश्न जागेचा होता. आमचा वाडा पाडून तिथे इमारत झाली आणि आम्ही तळमजल्यावरून सातव्या मजल्यावर गेलो. वाड्यात पुस्तकांना तीन कपाटे, एक फडताळ आणि जिन्याखालची अंधारी कोठी असे ऐश्वर्य होते. नव्या इमारतीत जिना सगळ्यांचा आणि जिन्याखालची जागा स्कूटरवाल्यांची. घरात मोजून एक कपाट बसत होते. सामान बांधायच्या दिवशी हिने जाहीर केले, "ज्या पुस्तकाला आपल्याबरोबर वर यायचं असेल, त्याचं काहीतरी कारण सांगता आलं पाहिजे. 'असू दे' हे कारण नाही." आता पुस्तक ठेवण्याचे 'असू दे' याहून प्रामाणिक कारण दुसरे कोणते असते, ते मला अजून सापडायचे आहे.

बांधाबांधीला शेजारचा एक इंजिनिअरिंगचा मुलगा आला होता. त्याने शास्त्रीय पद्धतीने, पाठीवरचे पहिले अक्षर पाहून खोकी भरली. मराठी लेखकाला आईबाप नाव ठेवतात ते बहुधा पुस्तकाच्या पाठीवर छापू नये म्हणूनच. सगळा कारभार आद्याक्षरांचा. परिणामी एक भलेमोठे खोके नुसत्या 'वि.'चे झाले. त्याच्या तळाशी पुठ्ठ्याने जीव सोडला आणि सगळे 'वि.' जमिनीवर ओतले गेले. मी तिथेच बसकण मारली आणि एकेक उचलून नावे लावू लागलो. वि. दा. म्हणजे विनायक. वि. का. राजवाडे विश्वनाथ. वि. द. घाटे विठ्ठल. महाराष्ट्र सारस्वतवाले वि. ल. भावे पुन्हा विनायक. असे करत करत जे उरले ते सगळे विष्णू होते. आणि माझ्या लक्षात आले की कारण सापडले! आमच्या अण्णांचे, म्हणजे माझ्या वडिलांचे, नाव विष्णू.

"अण्णांच्या नावाची तेवढी नेतो," मी म्हणालो. सासऱ्यांचे नाव पुढे आल्यावर तिला नाही म्हणता येईना. मग मला जरा हाव सुटली. "विठ्ठल म्हणजे तरी कोण? विष्णूच," असे म्हणून मी घाटे आणि महर्षी शिंदे आत सरकवले. ते खपले. मग मी संध्येतली चोवीस नावे काढली. केशव, नारायण, माधव, गोविंद... वामनपंडित आले, पोथ्यांचे श्रीधर आले, हरि नारायण आपटे तर बापासकट आले. पुरुषोत्तमापाशी पोचून मी पु. लं.ना हात घालणार, तोच ती म्हणाली, "चोवीस नावांना जागा द्यायला आपण वैकुंठात चाललेलो नाही. सातव्या मजल्यावर चाललो आहोत. विष्णू म्हणजे विष्णू." विठ्ठलही बाहेर गेले. (ते नंतर मी माझ्या सदऱ्यांच्या कप्प्यात वसवले. कृपया ही गोष्ट तुमच्यामाझ्यात राहावी.)

आता या विष्णूंचे आपसात काही जुळते का? छे! एका आडनावाच्या माणसांत निदान भाऊबंदकी तरी असते. इथे तीही नाही. सर्वांत थोरले विष्णुशर्मा. राजाची तीन मठ्ठ पोरे सहा महिन्यांत शहाणी करून देतो म्हणाले आणि पंचतंत्र सांगून बसले. माझ्या मुलाच्या क्लासवाल्यांनी दोन वर्षांची फी आगाऊ घेऊनही असली हमी दिली नव्हती. त्यांच्या शेजारी विष्णुबावा ब्रह्मचारी, मूळचे विष्णू भिकाजी गोखले. मुंबईत समुद्रकिनाऱ्यावर मिशनऱ्यांशी वाद घालणारे. या बावांनी १८६७ साली राज्यकारभारावर एक निबंध लिहिला. गावाने जमीन मिळून कसावी, धान्य एका कोठारात ठेवावे आणि ज्याला जेवढे लागेल तेवढे त्याने न्यावे. त्याच साली तिकडे जर्मनीत मार्क्सच्या 'भांडवल' ग्रंथाचा पहिला खंड निघाला. दोघांना एकमेकांचा पत्ता नव्हता. मार्क्सचे पुढे काय झाले ते जगाला माहीत आहे. बावांचे पुस्तक माझ्याकडे आहे.

बावांच्या पलीकडे विष्णुशास्त्री चिपळूणकर. १८७४ साली त्यांनी निबंधमाला सुरू केली, तिचे ८४ अंक काढले आणि वयाच्या ३२व्या वर्षी, १८८२ साली, ते गेलेसुद्धा. एवढ्या वयात आम्ही नोकरीत कायम व्हायची वाट पाहत होतो. लोकहितवादींवर आणि जोतीराव फुल्यांवर त्यांनी जे कोरडे ओढले, ते आज वाचताना पटत नाहीत. पुष्कळदा रागच येतो. पण त्या वाक्यांची चाल अशी, की रागावलेला वाचकही पान उलटतोच. त्यांना मी वरच्या फळीवर ठेवले आहे. खालून हात पोचत नाही आणि वरून त्यांना सगळ्यांना रागे भरता येते.

संगीताच्या बाबतीत तर दोन विष्णूंनी महाराष्ट्रातल्या शिकाऊ मुलांवर डबल उपकार केले आहेत. विष्णू दिगंबर पलुस्करांनी १९०१ साली लाहोरात गांधर्व महाविद्यालय काढले. विष्णू नारायण भातखंड्यांनी वकिली सोडून गावोगावच्या उस्तादांच्या पाठीस लागून चिजा जमवल्या. दोघांच्या स्वरलिपी वेगळ्या. म्हणजे एका विष्णूकडे शिकलेल्या माणसाला दुसऱ्या विष्णूचे पुस्तक वाचता येत नाही. त्यातून भातखंडे पडले मूळचे वकील. त्यांनी चतुरपंडित या नावाने संस्कृतात ग्रंथ लिहिला आणि मग मराठीत, आपण जणू तिसरेच कोणी आहोत असे भासवून, त्याच चतुरपंडिताचे आधार दिले. साक्षीदारही आपणच! याला म्हणतात तयारी.

विष्णू भिकाजी आणखी एक आहेत : वि. भि. कोलते. त्यांनी संपादिलेले लीळाचरित्र १९७८ साली निघाले. हा ग्रंथ एकदा फळीवर बसला की बाकीचे सरळ उभे राहतात.

पण या कप्प्यातली खरी गंमत निराळीच आहे. वि. स. खांडेकर जन्मतः विष्णू नव्हतेच. ते गणेश आत्माराम खांडेकर. दत्तक गेले आणि विष्णू सखाराम झाले. वि. वा. शिरवाडकरही जन्मतः विष्णू नव्हते. ते गजानन रंगनाथ. काकांना दत्तक गेले आणि विष्णू वामन झाले. म्हणजे दोघेही गणपती म्हणून जन्मले आणि विष्णू म्हणून मोठे झाले. पुढे ज्ञानपीठ पुरस्कार मराठीत पहिल्यांदा आला तो १९७४ चा, 'ययाति'कार खांडेकरांना. दुसऱ्यांदा आला तो १९८७ चा, शिरवाडकरांना. आता तिसरे पाहा. २००३ साली विंदा करंदीकर. नाव गोविंद, वडिलांचे विनायक. म्हणजे पुन्हा विष्णू आणि पुन्हा गणपती! चौथे २०१४ साली नेमाडे. नाव भालचंद्र. ते दत्तक गेले नाहीत, तेव्हा गणपती गणपतीच राहिला. हा शोध मी आमच्या व्यायाममंडळातल्या एका निवृत्त प्राध्यापकांना सांगितला. त्यांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिले आणि "रात्री झोप लागते ना?" असे विचारले. विद्वान माणसांना सोपी गोष्ट पटत नाही.

अण्णांचा लाडका विष्णू मात्र विष्णुभट गोडसे. वरसईचा हा गरीब भिक्षुक डोक्यावरचे कर्ज फेडावे म्हणून, मथुरेच्या यज्ञात दक्षिणा मिळेल या आशेने निघाला आणि नेमका १८५७ च्या बंडात सापडला. झाशीच्या वेढ्यात अडकला, लुटला गेला. घरी आला तो हाती पैसा नाही, पण आईबापांसाठी गंगेची कावड खांद्यावर. हे सगळे त्याने १८८३ साली लिहून काढले. 'माझा प्रवास' छापून निघाला तो १९०७ साली, तेव्हा भटजी हयात नव्हते. अण्णा पाटबंधारे खात्यात हेडक्लार्क. कर्ज त्यांच्याही डोक्यावर होते आणि बदल्याही होत्या. फक्त त्यांच्या वाटेत बंड कधी लागले नाही. दर पावसाळ्यात ते हे पुस्तक पुन्हा वाचत आणि मिटताना म्हणत, "काय माणूस! सगळं गेलं, पण हिशेब चोख."

हिशेबावरून आठवले. कप्पा भरत आला तेव्हा मी शेवटचे गाठोडे सोडले. त्यात अण्णांच्या हिशेबाच्या १७ वह्या होत्या. तांबड्या कापडी बांधणीच्या, लांबट. ही म्हणाली, "हे मात्र रद्दीत. याला काय कारण सांगाल?"

"लेखकाचं नाव विष्णू," मी म्हणालो.

ती हसली नाही. तिने मधलीच एक वही उघडली. १९७५ ची. जूनच्या पानावर अण्णांच्या मोत्यासारख्या अक्षरात दोन ओळी होत्या : 'पुस्तक एक, ययाति. सौ.ची साडी पुढील महिन्यात.' तिने पान उलटले. जुलैत साडी नव्हती; माझी फी होती. ऑगस्टात छपराची कौले. सप्टेंबरात आत्याचे बाळंतपण. ती जमिनीवर मांडी घालून बसली आणि एकेक ओळ बोटाने खाली जाऊ लागली. टेम्पोवाला दारात येऊन उभा राहिला, त्याला तिने हातानेच थांबवले. नोव्हेंबरात, दिवाळीच्या पानावर सापडली : 'साडी एक, सौ.स.' आणि आकड्यापुढे, जिथे अण्णा एरवी फक्त बरोबरची खूण करीत, तिथे लिहिले होते, 'आवडली.'

तिने वही मिटून पदराने पुसली आणि 'माझा प्रवास'च्या शेजारी १७ च्या १७ वह्या स्वतः रचल्या. मग म्हणाली, "ते ययाति कुठे ठेवलंत? सासूबाईंची साडी पाच महिने अडवून धरली, एवढं काय आहे त्यात बघू तरी."

तेव्हापासून ययाति तिच्या उशाशी आहे. कप्प्यात त्याच्या जागी फट पडली आहे आणि शेजारचे वि. वा. तिकडे जरा कलले आहेत.