नसलेली बाकी

चातुर्मासातील एका संध्याकाळी, चौविहार झाल्यावर, किराणा मालाचे एक वयोवृद्ध व्यापारी नववीतल्या नातीच्या वहीपाशी बसले होते. उदाहरण होते √५० − √८ − √१८. नातीने प्रत्येकाचे मूळ एका दशांशापर्यंत काढले : ७.१, २.८ आणि ४.२. उत्तर आले ०.१, पुस्तकात मात्र शून्य होते.

"आजोबा, पुस्तकच चुकलंय," ती म्हणाली.

आजोबांनी मुळे काढलीच नाहीत. ५० म्हणजे २५ गुणिले २. २५ हा पूर्ण वर्ग. त्याचे मूळ ५ बाहेर आले आणि √५० चे ५√२ झाले. तसेच √८ चे २√२, √१८ चे ३√२. तिन्ही करणी आता सरूप झाल्या. एकाच खात्यातील रकमांप्रमाणे पाचातून दोन आणि तीन वजा झाले, बाकी शून्य. चिन्हाखाली २ सोबत क्ष असता तरी रीत हीच राहिली असती.

मग त्यांनी जंबूद्वीपाचा दाखला दिला. व्यास एक लाख योजने. व्यासाच्या वर्गाची दसपट करून तिचे मूळ घेतले की परिघ मिळतो. शास्त्रकारांनी तो ३,१६,२२७ योजने, ३ कोस, १२८ धनुष्ये आणि साडेतेरा अंगुळांहून किंचित अधिक असा सांगितला. उरलेला शेष त्यांनी टाकून दिला नाही. दहाचे मूळ आधीच ३.२ धरले असते, तर परिघ पावणेचार हजार योजनांनी फुगला असता.

बोलता बोलता आजोबा थांबले. अकरा वर्षांपूर्वी दुकानाची वाटणी करताना प्रत्येक नोंद त्यांनी शेकड्यात पूर्ण केली होती. धाकट्या भावाच्या नावे थोडी बाकी निघाली. रक्कम किरकोळ होती. शब्द मात्र मोठे बोलले गेले आणि जाणेयेणे तुटले.

त्या रात्री त्यांनी माळ्यावरची जुनी वही काढून सर्व नोंदी पैशांसह पुन्हा मांडल्या. भावाकडे काहीच येणे निघत नव्हते.

संवत्सरीला चार दिवस होते. क्षमापनेचे पत्र न धाडता ते स्वतःच भावाच्या दारी गेले. वही सोबत नेली होती. ती उघडण्याची वेळ आली नाही.