दगडावरची उमेदवारी

दादासाहेब फाळक्यांची गोष्ट आपण ३ मे १९१३ पासून सांगायला लागतो. त्या दिवशी गिरगावच्या कॉरोनेशन थिएटरात त्यांचा ‘राजा हरिश्चंद्र’ हा सिनेमा लागला. मावळात राहून, हाताशी असतील तेवढ्या पैशांत छोटे सिनेमे लिहिणाऱ्या आणि करणाऱ्या माझ्यासारख्याला मात्र त्याआधीची, फारशी कुणी न सांगितलेली वर्षं जास्त जवळची वाटतात. ती इथलीच आहेत.

देवादिकांची रंगीत चित्रं छापणारा रविवर्मा प्रेस मुंबईहून मावळातल्या मळवलीला आला होता. पुरातत्त्व खात्यातली नोकरी सोडून फाळके या प्रेसची कामं करू लागले आणि १९०८ च्या सुमारास त्यांनी लोणावळ्यात स्वतःचा छापखाना काढला. रंगीत शिळाछापात प्रत्येक रंगाला वेगळा दगड लागतो आणि प्रत्येक दगडावर चित्र उलटं असतं. कागद दर रंगाला नेमक्या त्याच जागी बसवावा लागतो. तो केसभर सरकला, तर लक्ष्मीच्या ओठांचा लाल रंग हनुवटीवर उतरतो. हवेतल्या दमटपणानं कागद फुगतो आणि लोणावळ्याच्या पावसाळ्याबद्दल तर बोलायलाच नको. चित्र टप्प्याटप्प्यानं, ठरल्या क्रमानं आणि धीरानं उभं राहतं, ही शिस्त अशा कामात हाडीमाशी खिळते.

पुढे फाळके सिनेमाकडे वळले. १९१२ मध्ये ते विलायतेला जाऊन आले आणि तिथून त्यांनी कॅमेरा मागवला. पैसे घालणाऱ्यांना पटवायला त्यांनी कुंडीत वाटाणा पेरला आणि त्याची वाढ एकेक चौकट घेत टिपली. पडद्यावर रोप भराभर वर आलं आणि भांडवल मिळालं. कच्च्या फिल्मला भोकं पाडणं आणि रसायनं कालवणं ही कामं घरातच चालत. ती त्यांच्या पत्नी सरस्वतीबाई शिकल्या, वर साऱ्या मंडळींचा स्वयंपाकही त्यांच्याकडेच होता.  बरीचशी कामं अशी घरच्यांनीच शिकून केली.

शिळाछापवाल्याला कागद सांभाळावा लागे, मला उजेड सांभाळावा लागतो. जुलैत मास्टर शॉट घेताना लोहगड ढगात असतो आणि क्लोजअपची तयारी होईपर्यंत ऊन पडलेलं असतं. दोन तुकडे जोडले की जोड उघडा पडतो. मोठं युनिट दिवे लावून त्यावर मात करतं. मी लिहितानाच मार्ग काढतो. लांबलचक संवाद ओसरीच्या आत ठेवायचा आणि जमल्यास एकाच टेकमध्ये घ्यायचा. उघड्या माळावर बोलणं कमी आणि चालणं जास्त. बेडशाच्या लेण्यातलं चैत्यगृह पूर्वेकडे तोंड करून आहे, भाज्याच्या लेण्यातलं पश्चिमेकडे. म्हणून सकाळ बेडशाला, उतरती दुपार भाज्याला. एक्सप्रेसवेची घरघर ऐकू येईल अशा जागी कुजबुजीचा प्रसंग लिहायचा नाही. पटकथेत हे आधी आलं, तर खर्चाच्या कागदावर ते वेगळं लिहावं लागत नाही.

यालाच मी स्वतंत्र सिनेमा म्हणतो. निर्माता नाही म्हणून कुणी स्वतंत्र होत नाही. चित्र कुठे बिघडतं हे ज्याला स्वतःच्या हातांनी कळतं, त्याला दुसऱ्याच्या ‘जमणार नाही’वर थांबावं लागत नाही. सहायक व्हायला येणाऱ्या मुलांना मी आवडता दिग्दर्शक विचारत नाही. फोकस, आवाज, जोडणी, हिशोब यांतलं तुला स्वतःला काय येतं, एवढंच विचारतो. काहीच येत नसेल तरी चालतं, पण मग उमेदवारी तिथूनच सुरू होते.