अजिंठ्याच्या भिंतीवरचे तारू

भोकरदनहून अजिंठ्याला गेलात तर पद्मपाणी पाहूनच परत फिरू नका. दुसऱ्या क्रमांकाच्या लेण्यात एक तारू आहे, त्याला भेटा. साधारण पाचव्या शतकातले. तीन उंच डोलकाठ्या, तिन्हींवर उभी लांबट शिडे, नाळेवर रंगवलेले डोळे, मागे सुकाणूची वल्ही आणि छपराखाली मांडलेले रांजण. त्यांत गोडे पाणीच असणार. खाऱ्या समुद्रावर पहिली काळजी त्याचीच.

चित्रातली गोष्ट सोपाऱ्याच्या पूर्ण या बौद्ध भिक्षूची. त्याचा भाऊ चंदन आणायला गेला, यक्ष कोपला, वादळ उठले आणि पूर्णाने तारू वाचवले. संकटातही या तारवाने शिडे फुगवून धरली आहेत. घाबरट नाही ते.

समुद्रापासून इतक्या आत, सह्याद्रीपलीकडच्या चित्रकाराला हे बारकावे कळले कसे? मला त्याचे नवल वाटत नाही, कारण हा मुलूख समुद्राला बांधलेलाच होता. पैठणचा माल गाड्यांवर लादून वीस दिवसांच्या वाटेने भडोच बंदराला जाई, असे ‘पेरिप्लस’ या प्राचीन ग्रीक ग्रंथात नोंदले आहे. जालना जिल्ह्यातले, केळणा नदीकाठचे भोकरदन, म्हणजे जुने भोगवर्धन, याच व्यापारातले गाव. १९७३च्या उत्खननात तिथे हस्तिदंती स्त्रीमूर्तीचा तुकडा मिळाला, आणि तिची जवळची बहीण शोभेल अशी मूर्ती इटलीतल्या पाँपेईत १९३८ साली सापडली होती. पाँपेई इ.स. ७९मध्ये राखेखाली गेले; म्हणजे ती त्याआधीच समुद्र ओलांडून पोचली होती. जालन्याच्या इतिहासात जहाजाचे पान हवेच, असे मी म्हणतो ते यासाठी.

भिंतीवरचे तारू अलीकडे पाण्यातही उतरले. त्याचा ना आराखडा उरला होता, ना फळी. इतिहासकार संजीव सन्याल यांच्या कल्पनेतून, केवळ या चित्रावरून अंदाज बांधत गोव्यात ते घडवले गेले. बाबू शंकरन आणि त्यांच्या केरळी कारागिरांनी फळ्या खिळ्यांनी ठोकल्या नाहीत. काथ्याच्या दोरीने शिवल्या, सांधे राळेने बुजवले. शिवलेले अंग लाटेपुढे ताठ राहत नाही, थोडे लवते आणि टिकते. मला त्याचा हाच गुण सर्वांत आवडतो. २१ मे २०२५ रोजी कारवारला ते नौदलात दाखल झाले. नाव मिळाले ‘कौंडिण्य’, दंतकथेतल्या दर्यावर्दीचे.

त्याच वर्षीच्या डिसेंबरात ते पोरबंदरहून मस्कतकडे निघाले. इंजिन नाही. चौकोनी शिडांना मागून वारा लागतो, आणि ईशान्येचा वारा तेव्हाच वाहतो. हिंदुस्थानातून परतणारी जहाजे डिसेंबरातच नांगर उचलतात, असे रोमन लेखक प्लिनीने पहिल्या शतकात लिहून ठेवले आहे. भोगवर्धनचा हस्तिदंत नेणाऱ्या तांडेलांनीही हाच वारा धरला असणार.