वरून दिसणारी जमीन

भोर-वेल्ह्यात माहितीपट करायला आलेला माणूस पहिल्याच दिवशी ड्रोन उडवतो. राजगड, तोरणा, भाटघरचं पाणी... त्याला तरी काय बोलणार, डोंगरच तसे आहेत. (वेल्हे तालुक्याचं नाव आता राजगड झालंय, एसटीत तिकीट मात्र अजून वेल्ह्याचंच मागतात.) पण जमिनीच्या तंट्यावर फिल्म करायची असेल, तर मी ड्रोन घरीच ठेवतो.

संघर्षभूमीतला कॅमेरा म्हटलं की छायापत्रकार दानिश सिद्दीकी आठवतात. जुलै 2021 मध्ये अफगाणिस्तानात स्पिन बोल्दकला ते मारले गेले. आमच्याकडे गोळ्या चालत नाहीत. इथे नोटीस येते, मोजणी येते, मागोमाग कधी पोलिसांची गाडी. शेजारच्या पुरंदरमध्ये मे 2025 मध्ये विमानतळासाठी ड्रोन सर्वेक्षण निघालं, गावकरी आडवे आले आणि लाठ्या चालल्या. तेव्हापासून वर घरघर झाली की खाचरातली माणसं कंबर सरळ करून आधी आभाळाकडे बघतात. यंत्र पत्रकाराचं की मोजणीवाल्याचं, हे खालून कसं कळणार?

म्हणून पायी जायचं. पडवीत टेकायचं. थोड्या वेळाने आतून प्लास्टिकच्या पिशवीत गुंडाळलेला सातबारा येतो. म्हातारं बोट ‘इतर हक्क’च्या रकान्यावर थांबतं: पुनर्वसनासाठी राखीव. मी त्या बोटावर फोकस घेतो. गट नंबर चौकटीबाहेर ठेवतो. चेहरा आणि गट नंबर एकाच फ्रेममध्ये आले, की उद्या तीच फ्रेम कुणाच्या तरी टेबलावर पुरावा होऊन बसते.

आणि हा तंटा सरकार विरुद्ध शेतकरी एवढा सरळ नाही. धरणग्रस्ताला द्यायची जमीन धरणाच्या लाभक्षेत्रातल्या दुसऱ्या शेतकऱ्याचीच असते. दोघांच्याही घरी चहा घ्यावा लागतो, आणि एकाकडे घेतलेला दुसऱ्याला दिवस मावळायच्या आत कळतो! भाताच्या आवणीच्या दिवसांत तर पत्र्यावरचा पाऊस सगळा आवाज खाऊन टाकतो. मग मुलाखत कौलारू गोठ्यात, म्हशीच्या शेजारी.

वेल्ह्यातलं पानशेत धरण 12 जुलै 1961 रोजी फुटलं. आजही पानशेत म्हटलं की डोळ्यांसमोर येतं ते पुणं, पाण्याखाली गेलेला लकडी पूल. धरणासाठी त्याआधीच उठलेल्या वरच्या गावांचं चित्र कुणाच्याच डोळ्यांसमोर येत नाही. कॅमेरा शहराजवळ होता, एवढंच त्याचं कारण.

आनंद पटवर्धन आणि सिमंतिनी धुरू यांनी ‘अ नर्मदा डायरी’ या माहितीपटासाठी काही वर्षं नर्मदेच्या खोऱ्यात ये-जा केली. तेवढा वेळ आज कुणी देत नाही, पैसे तर नाहीच.

तरी इकडे येणाऱ्यांना एक सांगणं आहे. ड्रोन उडवायचाच असेल तर आदल्या दिवशी गावात दवंडी द्या. आणि फिल्मची कच्ची जुळणी आधी दोन्हीकडच्या शेतकऱ्यांना दाखवा. वेगवेगळ्या दिवशी.