गॅरेजमधली हंडी

माझी सून कोडगूची. लग्न होऊन बेळगावला आली तेव्हा तिला मराठी येत नव्हतं. पण माझं माहेर धारवाडचं, त्यामुळे आम्हा दोघींचं कानडीतून छान जमलं. "अत्ते, ऊट आयता?" असं विचारल्याशिवाय ती कधी पानावर बसली नाही. एक विषय मात्र आम्ही दोघींनीही कधी काढला नाही. कोडवांच्या घरी लग्नकार्याला, सणाला पंदी करी, म्हणजे डुकराच्या मांसाचं कालवण, हवंच. आमच्याकडे मटण-मासे चालतात, पण हे मांस उंबऱ्याच्या आत कधी आलं नाही. ती गप्प राहिली आणि मी त्याला तिचा समजूतदारपणा म्हणत राहिले.

गेल्या वर्षी मी त्यांच्याकडे अमेरिकेत, नॉर्थ कॅरोलायनातल्या रॅलीला राहायला गेले. एका शनिवारी पहाटे लसूण आणि व्हिनेगरचा खमंग वास आला. स्वयंपाकघरात तर काहीच नव्हतं. नातू उठला तेव्हा त्याला विचारलं. तो सहज म्हणाला, "आज्जी, तू आलीस ना, म्हणून हंडी गॅरेजमध्ये गेलीय!"

जिवाला लागलं. सहा वर्षांच्या पोराला जे ठाऊक, ते मला नव्हतं.

गॅरेजमध्ये गेले. गाडीशेजारी स्टुलावर विजेची हंडी होती. तिकडे तिला स्लो कुकर म्हणतात. सून मागोमाग धावत आली, चेहरा उतरलेला. मी म्हटलं, "आत आण. कोणी चोरी केलीय का?"

ओट्यावर हंडी ठेवल्यावर तिची जीभ सुटली. तळाशी कांद्याचे जाड काप, वर खांद्याचं दोन किलो मांस, चरबीसकट. त्याला मीठ, तिखट, लसूण आणि थोडी साखर चोळायची. अर्धी वाटी सफरचंदाचं व्हिनेगर घालायचं आणि मंद आचेवर आठ-दहा तास विसरून जायचं. मी झाकण उचलायला गेले तर तिने हात धरला. एकदा उघडलं की वाफ जाते आणि अर्धा तास वाढतो! मला आजीच्या चुलीचा वैल आठवला. त्यावर हुलग्याचं कढण असंच तासन् तास रटरटायचं. खांद्याचं मांस चिवट, पण मंद आचेवर त्यातले चिवट धागे विरघळतात, असं तिने समजावलं.

त्या भागात हे मूळचं लाकडाच्या निखाऱ्यांवर, धुरावर भाजतात. राज्याच्या पूर्वेला त्यावर नुसतं व्हिनेगर नि मिरची, पश्चिमेला थोडा टोमॅटोही, आणि कुठलं खरं यावरून वाद! आपल्याकडच्या रश्श्यासारखंच म्हणायचं. घरी धूर नाही, म्हणून ही हंडी. सुनेला ती आवडली ती आंबटपणासाठी. पंदी करीत कचंपुळी पडते, म्हणजे आपल्या कोकमाच्याच जातीच्या फळाचा आटवलेला काळा रस. "व्हिनेगरचा वास आला की आईचं स्वयंपाकघर आठवतं," ती म्हणाली. बारा वर्षांत हे वाक्य मी पहिल्यांदा ऐकलं.

दोन काट्यांनी ओढताच मांसाचे धागे सुटले. मऊ पावात ते भरून वर कोबीची कोशिंबीर. एकाच टेबलावर बसलो. माझ्या पावात नुसती कोशिंबीर होती. खरं सांगते, मी ते खाल्लं नाही. साठीनंतर जीभ वळत नाही. पण न खाणं वेगळं आणि दुसऱ्याला लपून खायला लावणं वेगळं, हे मला त्या दिवशी कळलं.

येत्या दिवाळीला ती बेळगावला यायची आहे. परवा फोनवर चाचरत म्हणाली, "अत्ते, मागच्या अंगणात एक चूल मांडू का?"

मी म्हटलं, "याके? घरात गॅस आहे की!"