तीच चित्रं, दोन भाषा

रात्री लेकीला 'श्यामची आई' वाचून दाखवते. साने गुरुजींनी ती 1933 साली नाशिकच्या तुरुंगात लिहिली आणि 1936च्या काँग्रेस अधिवेशनासाठी ते आमच्या फैजपुरात राबले. खेड्यात भरलेलं ते पहिलं अधिवेशन. पुढे त्यांनी आंतरभारतीचं स्वप्न पाहिलं : प्रांतांनी एकमेकांच्या भाषा शिकाव्यात. मला मनापासून वाटतं, ही सुरुवात मुलांच्या गोष्टींपासूनच व्हावी. 'नेहरू बाल पुस्तकालय' या मालेतली पुस्तकं मराठीत निघतात, मल्याळममध्येही. चित्रं तीच. केरळातली एखादी आईही तेच पान उलटत असेल.

"आई, तठी बी केयी असतीन का?" लेक विचारते.

असतात गं केळी, भरपूर! आता तिला तिथल्या मुलांची ती गोल गोल अक्षरं बघायचीच आहेत. त्या मालेतल्या एका पुस्तकाची मल्याळम प्रत मागवते. वाचता नाही आली, तरी चित्रांवरून गोष्ट आम्ही दोघी जुळवू.