२१३० आणि बाबांचा रविवार

खरं सांगते, महिन्यापूर्वी मला बेसबॉलमधलं ओ की ठो कळत नव्हतं. एका मोबाइल क्विझसाठी चाळीस प्रश्न हवे होते. विषय : बेसबॉलचा ‘हॉल ऑफ फेम’. फ्रीलान्सरला कसला आलाय चॉइस? हो म्हटलं, कॉफीचा मग भरला आणि बसले.

तीन रात्रींत फॅन झाले ना राव! न्यूयॉर्क राज्यातल्या कूपर्सटाऊन नावाच्या छोट्याशा गावात १९३९ पासून हे म्युझियम आहे. आत शिरायला बेसबॉल पत्रकारांची ७५ टक्के मतं लागतात. (आमच्या जमातीला कुठेतरी एवढा भाव आहे, हे वाचून बरं वाटलं.) पण पत्रकार ते पत्रकारच. शंभर टक्के मतं मिळवणारा पहिला खेळाडू मारियानो रिव्हेरा, तोही थेट २०१९ मध्ये. बेब रूथलासुद्धा नाही जमलं ते! रॉबर्टो क्लेमेंटेच्या नावावर बरोब्बर ३००० हिट्स आहेत. ३००१ नाहीत, कारण ३१ डिसेंबर १९७२ ला निकाराग्वाच्या भूकंपग्रस्तांसाठी मदत घेऊन निघालेलं त्याचं विमान समुद्रात कोसळलं. हॉलने पाच वर्षं थांबायचा नियम त्याच्यासाठी बाजूला ठेवला.

अडकले ती लू गेरिगपाशी.

म्हणजे काय, तर आमचे बाबा क्लब क्रिकेटचे स्कोअरर. पैशांसाठी नाही, हौस म्हणून. पस्तीस वर्षं दर रविवारी दादरहून आझाद मैदान. माझ्या बारशालाही मॅच संपवूनच आले होते, हे आई अजून ऐकवते. पण वर्षभर झालं, त्यांचा उजवा हात थरथरतो. पार्किन्सन्स. त्यांचे मोत्यासारखे आकडे हल्ली मुंग्यांएवढे झालेत. मध्यंतरी एका मॅचला बेरीजच जुळेना. समोरच्या टीमने आवाज चढवला. बाबा घरी येऊन एक शब्द बोलले नाहीत, न जेवता झोपले. आईचा मला फोन, “तूच सांग बाई, तुझं ऐकतात.”

सांगणार काय, कप्पाळ?

शनिवारी रात्री चहा घेऊन त्यांच्यासमोर बसले आणि म्हटलं, “बाबा, एक क्विझचा प्रश्न. सलग २१३० मॅचेस कोण खेळला?” आकडा ऐकून त्यांचे कान टवकारले. मग सांगत गेले. १९२५ ते १९३९, यांकीजचा गेरिग एकही मॅच चुकला नाही. १९३९ च्या सीझनला मात्र सोपे बॉलही हातातून निसटायला लागले. का, ते कुणालाच कळेना. २ मे ला डेट्रॉइटमध्ये तो स्वतःच मॅनेजरकडे गेला आणि म्हणाला, आज मला बसवा. जूनमध्ये आजाराचं नाव कळलं, एएलएस. अमेरिकेत आजही त्याला गेरिगचाच आजार म्हणतात. त्याच डिसेंबरात खास निवडणूक घेऊन त्याला हॉलमध्ये घेतलं. १९४१ मध्ये गेला, जेमतेम ३७ वर्षांचा. त्याचा रेकॉर्ड ५६ वर्षं टिकला, १९९५ मध्ये कॅल रिपकेनने मोडला.

आजार वेगळा, हे बाबांनाही माहीत आणि मलाही. पण मी कुठे चाललेय, हे त्यांनी केव्हाच ओळखलं होतं. कप बशीत ठेवताना वाजला.

“त्या २ मे ला तो हॉटेलवर थांबला का गं?”

“नाही. कॅप्टन होता ना, टीमची यादी अंपायरकडे द्यायला तोच गेला. मग डगआउटमध्ये बसला. पुढेही सीझनभर टीमबरोबर होता.”

बाबा उठले. कपाटातून स्कोअरबुक काढलं, पेन्सिलीला टोक केलं. मला वाटलं, गेलं सगळं पाण्यात!

सकाळी साडेसातला शेजारचा कॉलेजचा पोरगा दारात हजर. त्याला रात्रीच फोन गेला होता म्हणे. बाबांनी स्कोअरबुक त्याच्या हातात दिलं. “लेग बाय आणि बाय यात घोळ घालू नकोस,” जिना उतरता उतरता त्यांचं सुरू झालं, “आणि आकडे जरा मोठे काढ. मला बाजूला बसून दिसले पाहिजेत.”